‘राजीनामा द्या, उद्यापासून नवीन जॉईन व्हा’ म्हणतात, सही करू का काका?

पत्र

नमस्कार काका,

मी बेळगावात उद्यमबागला एका फौंड्रीच्या मशीन शॉपमध्ये ऑपरेटर आहे, 2012 च्या फेब्रुवारीत लागलो, 14 वर्षं झाली. आमचे मालक दोघे भाऊ, पार्टनरशिपवर चालायचं सगळं. यंदा एप्रिलपासून पुण्याच्या एका प्रायव्हेट लिमिटेड कंपनीने विकत घेतलं, शेड, मशीनरी, ऑर्डरी, आम्ही 40-45 माणसं धरून सगळंच म्हणा. कामात एक दिवस पण खाडा नाही, 31 मार्चला सेकंड शिफ्ट करून गेलो आणि 1 एप्रिलला त्याच मशीनवर आलो. एप्रिलचा पगार जुन्यासारखाच 20,800 पडला, म्हणजे बेसिक-डीए 15,600 आणि बाकी 5,200 अलौन्स.

मे महिन्यात पुण्याहून एचआरच्या मॅडम आल्या आणि प्रत्येकाला दोन कागद दिले. एक राजीनामा, टाईप केलेला, तारीख 31 मार्च. दुसरं ऑफर लेटर, त्यात बेसिक 13,000, अलौन्स 3,800 आणि 4,000 परफॉर्मन्स इन्सेंटिव्ह. टोटल तेवढीच बसते म्हणून काहीजणांनी सही करून पण टाकली. सहा महिने प्रोबेशन घातलंय, 14 वर्षं काम केलेल्या माणसाला. विचारलं तर मॅडम म्हणतात नवीन लेबर कोडमुळे स्ट्रक्चर बदलावं लागतंय. ग्रॅच्युइटीचं विचारलं तर त्या म्हणतात जुन्या मालकाला विचारा, जुन्या शेठजींना फोन केला तर ते म्हणतात आम्ही सगळं नवीन कंपनीला दिलंय, त्यांना विचारा. आता सही केल्याशिवाय मेचा पगार पडणार नाही म्हणालेत, आज जूनची 10 तारीख, अजून पडला नाही. बायको म्हणते सही करून मोकळे व्हा, पोराची शाळा सुरू झालीय. साडू कागलच्या फाईव्ह स्टार एमआयडीसीत आहे, तो म्हणतो कोल्हापूरच्या वकिलाकडून यूएलपी, म्हणजे अनफेअर लेबर प्रॅक्टिसची केस, टाक. सोसायटीचं कर्ज आहे, त्याचा हप्ता पगारातून कटायचा, तो पण एप्रिलपासून कटलेला नाही. काय करू? नाव छापू नका.

उत्तर

सही करू नका. आज तरी नको, आणि त्या राजीनाम्यावर तर कधीच नको. ऑफर लेटरचं पुढे बघू, त्यात बोलायला जागा आहे, राजीनाम्यात नाही.

तुम्ही दोन्ही कागदांचे फोटो पाठवलेत ते बरं केलंत, मोठे करून वाचले. राजीनामा इंग्रजीत आहे, जेमतेम चार ओळी. पहिल्या ओळीत तुम्ही स्वखुशीने नोकरी सोडताय. दुसरीत 31 मार्चपासून. तिसरी खरी बघण्यासारखी आहे, तिच्यात असं लिहिलंय की तुमचा पगार, रजा, बोनस, ग्रॅच्युइटी सगळं तुम्हाला मिळालं आणि फर्मकडून आता काही येणं राहिलं नाही. चौथीत यापुढे कसलाही क्लेम करणार नाही. आता मला सांगा, मिळालं काय तुम्हाला? एक रुपया नाही. तरी ‘मिळालं’ वर सही मागतात, तीही जूनमध्ये बसून मार्चच्या तारखेची! हा कागद इतक्या घाईने का पाहिजे असेल हे त्या तिसऱ्या ओळीतच कळतं की हो. आणि हे इंग्रजीत, जे तुमच्यातल्या निम्म्या लोकांनी पूर्ण वाचलेलं पण नसणार.

आता मूळ प्रश्नाकडे येऊ, कारण कंपनी विकली म्हणलं की आपल्याकडे चहाच्या टपरीवर दोनच मतं ऐकायला येतात, एक म्हणजे ‘नवीन मालकाला सगळ्यांना घ्यावंच लागतं’ आणि दुसरं ‘नवीन मालक आला, आता जुनं सगळं संपलं’. दोन्ही चूक आहेत. आधी बघायचं असतं ते हे की नेमकं विकलं काय. समजा तुमची कंपनी आधीच प्रायव्हेट लिमिटेड असती आणि दोघा भावांनी आपले शेअर पुण्यावाल्यांना विकले असते तर तुमच्या बाबतीत काहीच बदललं नसतं, कारण तुमचा मालक म्हणजे ती कंपनी, तिचे शेअर कुणाच्या खिशात आहेत याच्याशी तुमच्या पगाराचा संबंध नाही, डायरेक्टर बदलले, बोर्ड बदलला तरी जॉइनिंग तारीख तीच, पगार तोच, राजीनामा मागायचं कारणच नाही. पण तुमच्याकडे पार्टनरशिप फर्म होती आणि तिचा धंदा उचलून दुसऱ्या कंपनीने घेतला. म्हणजे कायद्याच्या भाषेत मालक खरंच बदलला. खात्री करायची असेल तर मार्चची आणि एप्रिलची पगार स्लिप शेजारी ठेवा, वर कंपनीचं नाव वेगळं आहे का बघा, आणि पीएफच्या पासबुकात एप्रिलचा भरणा कुठल्या एस्टॅब्लिशमेंटच्या नावावर पडला ते बघा. गेटवर नुसता नवीन फ्लेक्स लागला एवढ्यावर जाऊ नका.

धंदा असा हस्तांतर होतो तेव्हा काय करायचं हे 1947 च्या औद्योगिक विवाद कायद्यात कलम 25 एफएफ मध्ये लिहिलेलं होतं, जुने युनियनवाले आजही त्याच नंबराने बोलतात. 21 नोव्हेंबर 2025 पासून चार लेबर कोड लागू झाले आणि ती तरतूद औद्योगिक संबंध संहितेत आली, मुद्दा तोच राहिला. एक वर्षाच्या वर सलग नोकरी झालेल्या कामगाराला, धंदा दुसऱ्याच्या हातात गेला की, जणू कामावरून कमी केलंय असं धरून एक महिन्याची नोटीस किंवा तेवढा पगार, आणि दर पूर्ण वर्षाला 15 दिवसांचा सरासरी पगार, एवढी भरपाई जुन्या मालकाने द्यायची. यातून जुना मालक सुटतो कधी? तीन गोष्टी एकदम जमल्या तर. तुमच्या नोकरीत खंड पडता कामा नये, नवीन मालकाकडच्या अटी आधीपेक्षा वाईट असता कामा नयेत, आणि उद्या नवीन मालकाने तुम्हाला काढलं तर भरपाई देताना जुनी 14 वर्षं धरून द्यायची जबाबदारी त्याच्यावर आलेली पाहिजे. तिन्ही जमल्या तर कुणी काही द्यायचं नाही, तुमची सर्व्हिस पुढे चालू. एक जरी फसली तर जुन्या मालकाच्या खिशाला हात लागतो.

म्हणजे रस्ते दोनच. सलग ठेवा आणि पैसे देऊ नका, किंवा तोडा आणि पैसे द्या. तुमच्याकडे चाललंय ते तिसरंच, तोडायचं पण आहे आणि द्यायचं पण नाही, आणि तोडलं कुणी तर म्हणे कामगाराने, स्वखुशीने. म्हणून तो राजीनामा. तुम्ही राजीनामा दिलात की हस्तांतराची भरपाई उडाली, कारण तुम्ही स्वतः सोडून गेलात. नवीन कंपनीवर जुन्या 14 वर्षांचा भार येत नाही, कारण तुम्ही नवीन लागलात. दोन्ही शेठजी खुश.

किती पैशाचा प्रश्न आहे ते बघा म्हणजे वहिनींनाही सांगता येईल. ग्रॅच्युइटी बेसिक-डीएवर काढली तर 15,600 भागिले 26 गुणिले 15, म्हणजे वर्षाला 9,000, गुणिले 14 म्हणजे 1 लाख 26 हजार. ही ग्रॅच्युइटी राजीनामा दिला तरी बुडत नाही बरं का, पाच वर्षं सलग झालेल्या माणसाचा तो हक्क आहे, सुटल्यापासून 30 दिवसांत द्यायची असते, पण तिसऱ्या ओळीत ‘मिळाली’ म्हणून सही केली की मग ‘मिळाली नाही’ हे सिद्ध करत तुम्हीच फिरायचं. त्याशिवाय हस्तांतराची भरपाई वेगळी. ती पूर्ण पगारावर वर्षाला अर्धा महिना अशी धरली तरी 10,400 गुणिले 14, साधारण 1 लाख 45 हजार, वर नोटीसचा एक महिना. रुपया-पैशाचा हिशेब वकील किंवा लेबर ऑफिसर करून देईल, पण अडीच लाखाच्या वरचा मामला आहे आणि तो चार ओळींत मिटवायला निघालेत.

आता ती ‘टोटल तेवढीच’ ची गंमत. कागदावर 20,800 आणि 20,800. पण आधीच्या 20,800 मधला रुपया न् रुपया पक्का होता, आताच्यात 16,800 पक्के आणि 4,000 त्यांच्या मर्जीचे. ऑफर लेटरच्या मागच्या पानावर, तुम्ही बहुतेक तिथवर गेला नसाल, असं आहे की इन्सेंटिव्ह हे हजेरी, रिजेक्शन आणि ‘कंपनीच्या एकूण कामगिरी’वर अवलंबून, आणि मॅनेजमेंटला ते कधीही बंद करता येईल. कास्टिंगमध्ये ब्लो होल, म्हणजे हवेचं भोक, निघाला, जॉब मशीनवर घेतल्यावर कळला आणि रिजेक्ट झाला, तर इन्सेंटिव्ह कुणाचं जाणार, फौंड्रीचं का मशीन शॉपचं? तुम्ही तिथलेच आहात, मी काय सांगणार. बेसिक 2,600 ने उतरलं त्याचा परिणाम सगळीकडे आहे. तुमच्या स्लिपवर पीएफ 15,000 च्या मर्यादेवर 1,800 कापलाय, 13,000 वर तो 1,560 होतो, म्हणजे मालकाचा हिस्सा पण महिन्याला 240 ने कमी. ग्रॅच्युइटी वर्षाला 9,000 ऐवजी 7,500. ओटीचा रेट पण बहुतेक खाली येणार, कारण इन्सेंटिव्ह त्यात धरत नाहीत.

आणि ‘लेबर कोडमुळे स्ट्रक्चर बदलावं लागतंय’ हे तर अगदीच भारी. कोड काय म्हणतो ते उलटं आहे हो. पूर्वी कंपन्या बेसिक अगदी कमी दाखवायच्या आणि बाकी सगळं अलौन्समध्ये घालायच्या, ते थांबवायला आता असं ठरलंय की वेतनातून वगळलेले अलौन्स एकूण पगाराच्या निम्म्याच्या वर गेले तर वरचा भाग वेतनातच धरायचा. तुमचं बेसिक-डीए 20,800 पैकी 15,600, म्हणजे 75 टक्के, आधीच निम्म्याच्या कितीतरी वर. त्याला कोडचा धक्काच लागत नाही. बेसिक कमी करा असं कोडमध्ये कुठे आहे ते मॅडमना दाखवायला सांगा, शांतपणे, सगळ्यांच्या समोर.

उलट पगाराचं स्ट्रक्चर बदलायचं तर त्याची आधी नोटीस द्यावी लागते, आणि नोटीस दिल्यावर 21 दिवस जाईपर्यंत बदल करता येत नाही. हे जुन्या कायद्यात 9 ए म्हणून होतं, नवीन कोडमध्येही आहे. एप्रिलचा पगार त्यांनी जुन्या रेटने दिला हा तुमच्या बाजूचा फार मोठा पुरावा आहे, नवीन कंपनीने स्वतःच महिनाभर तुम्हाला सलग आणि त्याच अटींवर ठेवलं. मग मे महिन्यात अचानक ‘तुम्ही तर मार्चमध्येच राजीनामा दिला होता’ हे कसं बसणार? म्हणून तर ती स्लिप जपून ठेवा, मोबाईलमध्ये आहे म्हणून निवांत राहू नका, प्रिंट काढा.

मेच्या पगाराचं तर सरळ आहे. महिन्याचा पगार पुढच्या महिन्याच्या 7 तारखेपर्यंत द्यायचाच असतो, कुठल्याही सहीच्या अटीवर तो अडवता येत नाही, काम केलंय त्याचे पैसे आहेत ते. हा एकच मुद्दा घेऊन गेलात तरी लेबर ऑफिसर फोन उचलेल, कारण यात वाद घालायला काही नाहीच.

आता थोडं कडू पण सांगतो, नाहीतर तुम्ही माझं वाचून उद्या गेटवर छाती काढून उभे राहाल. कंपनी विकली म्हणजे नवीन मालकाने तुम्हाला घेतलंच पाहिजे असा हक्क कायदा देत नाही. 1962 मध्ये अनकापल्लीच्या साखर कारखान्याच्या केसमध्ये सुप्रीम कोर्टाने हेच सांगितलं, तो कारखाना सहकारी सोसायटीने विकत घेतला होता आणि जुन्या कामगारांचं म्हणणं होतं की आम्हाला घ्याच, कोर्ट म्हणालं भरपाई जुन्या मालकाकडून घ्या, भरपाई पण आणि नोकरी पण असं दोन्ही नाही. आपल्या भागात साखर कारखाने हातबदल होताना तुम्ही बघताय, तिथे पण हा प्रश्न येतो. दुसऱ्या बाजूला 2011 मध्ये फिलिप्सच्या कोलकात्याच्या फॅक्टरीच्या केसमध्ये सुप्रीम कोर्टाने असंही म्हटलं की कामगाराच्या संमतीशिवाय त्याला दुसऱ्या मालकाच्या हाताखाली ढकलता येत नाही, तो नको म्हणाला तर त्याला भरपाई द्या. म्हणजे तुमच्याकडे हुकमाचा एक्का नाही, पण पानं अगदीच पडकी नाहीत. आणि तुमच्या बाबतीत त्यांनी तुम्हाला घेतलेलं आहे, दोन महिने काम करून घेतलंय, त्यामुळे ‘घ्यायचंच नाही’ म्हणायची वेळ त्यांची निघून गेलीय असं माझं मत.

मला विचाराल तर तुमच्या वयात, पोरं शाळेत असताना, सलग सर्व्हिसचा रस्ता बरा. अडीच लाख हातात आले की ते घराच्या स्लॅबमध्ये नाहीतर लग्नकार्यात जातात हे आपण बघतोच, आणि प्रोबेशनवरचा नवीन माणूस म्हणून पहिल्या मंदीत पहिला बाहेर. पण नवीन कंपनीचंच काही खरं दिसत नसेल, ऑर्डरी पुण्याला हलवायला लागले असतील, पॅटर्न, म्हणजे साच्याचे नमुने, गाडीत भरून जायला लागले असतील, तर उलटं. मग जुन्या मालकाकडून हिशेब वाजवून घ्या आणि मग काय ते नवीन सही करा. हे तुम्ही आत राहून जास्त ओळखाल.

आता करायचं काय. पहिलं, एकट्याने करू नका. 45 जणांत सही न केलेले जेवढे असतील तेवढे एकत्र या, दहा-बारा असले तरी चालेल. अडवलेल्या पगाराचा क्लेम एकटा माणूस करू शकतो, पण पगाराच्या अटी बदलल्याचा वाद उभा करायचा तर मागे कामगारांचा गट नाहीतर युनियन लागते. ज्यांनी सही केलीय त्यांना वाईट-वाकडं बोलू नका, त्यांनाही सोबत घ्या, दबावाखाली आणि मागच्या तारखेने घेतलेली सही आहे असं त्यांनीही लगेच लिहून द्यावं, जेवढा उशीर तेवढं ते कमजोर होतं.

दुसरं, कंपनीला एक पत्र. लांबलचक नको. मी 2012 च्या फेब्रुवारीपासून कामावर आहे, 31 मार्चला मी राजीनामा दिलेला नाही, 1 एप्रिलपासून खंड न पडता तुमच्याकडे त्याच कामावर आहे, माझी सर्व्हिस सलग धरल्याचं आणि जुना पगार कायम असल्याचं लेखी द्या, मेचा पगार थकलाय तो द्या, मी कामावर हजर आहे आणि राहणार. बस्स. एक प्रत जुन्या फर्मच्या नावाने, त्यात वरून एवढंच की सर्व्हिस सलग धरली जात नसेल तर माझी भरपाई, ग्रॅच्युइटी आणि रजेचा पगार तुमच्याकडून येणं आहे. दोन्ही स्पीड पोस्टाने पाठवा आणि पावती ठेवा, हातात देऊन ‘रिसिव्ह’ ची सही मागत बसू नका, देत नाहीत.

तिसरं, बेळगावच्या कामगार खात्याच्या ऑफिसात तक्रार. इथे एक सांगतो, अर्ज कन्नडमध्ये नाहीतर इंग्रजीत करा. मला माहीत आहे तुमच्यातले दोघेतिघे म्हणणार की आम्ही मराठीतच देणार, हक्क आहे आमचा. असेल, पण ती लढाई वेगळी आहे, ती वेगळ्या दिवशी लढा. फाईल ज्या टेबलावर फिरणार तिथला माणूस कन्नड वाचतो, त्याला दुसऱ्या वाचनाची गरज पडू नये एवढंच बघायचं. तुमच्यातच कुणीतरी कन्नड शाळेत शिकलेला असेल, त्याला बसवा. तो मात्र जे लिहील ते सगळ्यांना मराठीत वाचून दाखवून मग सह्या. हाच नियम कंपनीच्या कागदालाही लावा, ‘मला समजेल अशा भाषेत द्या, घरी नेऊन वाचतो, मग सांगतो’ असं म्हणायला कुठलाच कायदा आड येत नाही.

साडूंचं यूएलपी इथे चालणार नाही. ते महाराष्ट्राच्या 1971 च्या कायद्यातलं आहे, कागल-शिरोलीच्या कामगाराला त्यात थेट कोर्टात जाता येतं म्हणून तिकडे सगळ्यांच्या तोंडी तेच असतं. तुमचं काम कर्नाटकात, मग खातं कर्नाटकाचं, कोर्ट कर्नाटकातलं आणि किमान वेतन पण कर्नाटकाचं. कंपनीचं हेड ऑफिस पुण्याला असलं म्हणून केस पुण्याला जात नाही, मॅडम तसं म्हणाल्या तर घाबरू नका. सीमेवरचा कोगनोळीचा टोलनाका ओलांडला की साडूंचा सल्ला बदलतो असं समजा, माणूस चांगला आहे, राज्य वेगळं आहे. वकिलाच्या फीची काळजी असेल तर जिल्हा कोर्टात कायदेसेवा प्राधिकरणाचं ऑफिस विचारा. औद्योगिक कामगाराला उत्पन्नाची अट न बघता मोफत वकील मिळतो, 1987 च्या कायद्यातच आहे, आणि कुणी सांगत नाही म्हणून कुणी जात नाही.

तुमच्या शॉपचे सुपरवायजर पण याच भानगडीत असतील तर त्यांनी वेगळा सल्ला घ्यावा. देखरेखीचं काम आणि पगार 18,000 च्या वर असेल तर नवीन कोडमध्ये ते कामगार धरले जात नाहीत, तुमची भरपाईची तरतूद त्यांना तशीच लागू होणार नाही. ग्रॅच्युइटी मात्र त्यांनाही आहे.

गेटवर अडवतील ही भीती खरी आहे. अडवलं तर भांडू नका, घरी पण जाऊ नका. शिफ्टच्या वेळेला हजर राहा, गेटचा वेळेसकट फोटो काढा, एचआरला व्हॉट्सअ‍ॅप टाका की मी ड्युटीवर आलोय, आत सोडलं नाही. रोज. दोन-तीन दिवस न आलेला माणूस ‘आपणहून काम सोडून गेला’ म्हणून दाखवणं फार सोपं असतं. आणि तसं अडवलंच तर त्याच दिवशी कामगार खात्यात कळवा.

पीएफचं काही बिघडत नाही, यूएएन, म्हणजे तुमचा पीएफचा कायमचा नंबर, तोच राहतो. जुन्या मालकाने मार्चपर्यंतचा भरणा केलाय का एवढं उमंग अ‍ॅपवर पासबुकात बघून घ्या. थकवला असेल तर पीएफच्या कायद्यात जुना आणि नवीन दोघेही जबाबदार असतात, नवीन मालक त्याने घेतलेल्या मालमत्तेच्या किमतीपर्यंत. पीएफच्या सर्व्हिस हिस्टरीत ‘डेट ऑफ एक्झिट’, म्हणजे नोकरी सुटल्याची तारीख, 31 मार्च टाकलीय का ते पण बघा, टाकली असेल तर स्क्रीनशॉट घ्या आणि तक्रारीत जोडा, तुम्ही सही न करताच कुणीतरी तुम्हाला बाहेर काढलंय असा त्याचा अर्थ होतो. आणि काहीही होऊ दे, त्या निमित्ताने पीएफ काढायला जाऊ नका. काढलात की तुम्हीच नोकरी सुटल्याचं कबूल केल्यासारखं होतं, आणि पेन्शनला 10 वर्षांची सर्व्हिस लागते तिचं पण नुकसान.

बोनसबद्दल तुम्ही विचारलं नाही पण दिवाळीला विचारणार आहातच. 31 मार्चपर्यंतचं वर्ष जुन्या फर्मकडे काम केलंय, त्याचा कमीत कमी 8.33 टक्के बोनस, वर्ष संपल्यापासून आठ महिन्यांत, म्हणजे नोव्हेंबरअखेरपर्यंत. विक्रीच्या करारात नवीन कंपनीने ती जबाबदारी घेतली असेल तर ती देईल, नाहीतर जुने शेठजी. पत्रात हे पण एका वाक्यात विचारून ठेवा, दिवाळीच्या तोंडावर दोघांची परत टोलवाटोलवी नको.

सोसायटीचा हप्ता मात्र तुमच्याच अंगावर आहे. पगारातून कटायचा म्हणजे मालकाची जबाबदारी असं सोसायटी धरत नाही, खातं तुमचं, जामीनदार पण तुमचेच मित्र. एप्रिल-मेचे थकलेले हप्ते जमतील तसे काउंटरवर भरा आणि मॅनेजरला लेखी द्या की मालक बदलल्यामुळे कपात बंद झालीय, पुढची व्यवस्था होईपर्यंत मी स्वतः भरतो. जामीनदारांच्या घरी नोटीस गेली की मग कंपनीच्या भांडणापेक्षा ते भांडण महाग पडतं.

वहिनींना सांगा, सही करून मोकळं होता येत नाही, मेचे 20,800 मिळतील आणि पुढचं सगळं त्यांच्या हातात जाईल. सही न करता पण मेचा पगार मिळतो, थोडं धावायला लागेल. कामगार खात्यात जाताना मार्चची स्लिप, एप्रिलची स्लिप आणि ते ऑफर लेटर यांच्या झेरॉक्स एकाच पिनेने लावून न्या, ऑफर लेटरचं मागचं पान पण, आणि इन्सेंटिव्हच्या ओळीखाली पेनाने रेघ मारून ठेवा. काय होतंय ते कळवा, आणि कंपनीने लेखी काही दिलं तर उत्तर द्यायच्या आधी फोटो पाठवा.